नाकारलेल्या खेळाडूचे गुरुपण

११ मे १९६८ रोजी लंडनच्या वेम्बली मैदानावर झालेला रग्बी लीगच्या चॅलेंज चषकाचा अंतिम सामना क्रीडारसिकांच्या स्मरणात राहिला तो एका चुकलेल्या ठोकरीमुळे. मुसळधार पावसाने मैदानाचे तळे झाले होते. अखेरच्या क्षणी वेकफील्ड ट्रिनिटी संघाच्या डॉन फॉक्स यांना गोलखांबांच्या अगदी समोरून चेंडू मारावयाचा होता. तो खांबांमधून गेला असता तर दोन गुण आणि चषक वेकफील्डचा झाला असता. चेंडू बाजूला गेला आणि लीड्स संघ ११-१० असा विजयी ठरला. त्या ठोकरीची कथा तेव्हापासून अनेक वेळा सांगितली गेली आहे. परंतु त्या दिवशीच्या विजयी संघाचा प्रशिक्षक कोण होता, हे विचारले तर फार थोड्यांना सांगता येईल. त्या प्रशिक्षकाचे नाव रॉय फ्रान्सिस. ब्रिटनमधील कोणत्याही व्यावसायिक सांघिक खेळातील ते पहिले कृष्णवर्णीय प्रशिक्षक मानले जातात.

फ्रान्सिस यांचा जन्म १९१९ सालचा. वेल्समधील ब्रिनमॉर या गावी ते वाढले आणि वयाच्या अवघ्या सतराव्या वर्षी उत्तर इंग्लंडमधील विगन संघात दाखल झाले. त्या काळी या स्थलांतराला एक सामाजिक अर्थ होता. १८९५ साली हडर्सफील्ड येथे उत्तरेकडील संघांनी मूळ रग्बी संघटनेशी फारकत घेतली, तिच्या मुळाशी मजुरीचा प्रश्न होता. खाणीत व गिरणीत राबणाऱ्या खेळाडूचा सामन्यामुळे रोज बुडे. त्याची भरपाई द्यावी, ही या संघांची मागणी हौशीपणाच्या तत्त्वाचा अभिमान बाळगणाऱ्या धुरीणांना मान्य नव्हती. त्या फारकतीतून पुढे तेरा खेळाडूंचा रग्बी लीग हा निराळा खेळ आकारास आला. वेल्समधून जो उत्तरेकडे जाई, त्याला जुन्या रग्बीचे दरवाजे कायमचे बंद होत.

श्रमिकांच्या न्याय्य हक्कासाठी जन्मलेला हा खेळ वर्णभेदापासून मुक्त होता, असे मानण्याचा मोह होतो. वस्तुतः वेल्समधील अनेक कृष्णवर्णीय तरुणांना जुन्या रग्बीने जे दिले नाही, ते या खेळाने दिले, हे खरेच. परंतु हे औदार्य सरसकट नव्हते. विगन संघाने १९३९ साली फ्रान्सिस यांना बॅरो संघाकडे धाडले. संघाच्या नव्या ऑस्ट्रेलियन व्यवस्थापकांना हा खेळाडू नको होता, आणि त्यामागे वर्णाचा पूर्वग्रह होता, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. युद्धकाळात लष्करात शारीरिक शिक्षणाचे शिक्षक म्हणून काम करून ते मैदानावर परतले, तेव्हा त्यांचा खेळ बहरात होता. तरीही १९४६ साली ब्रिटनचा संघ ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर निघाला, तेव्हा त्यात त्यांचे नाव नव्हते. ऑस्ट्रेलियात त्या वेळी 'गोऱ्यांचा ऑस्ट्रेलिया' हे धोरण होते. यजमानांची गैरसोय नको म्हणून पाहुण्यांनीच आपल्या एका उत्कृष्ट खेळाडूला घरी ठेवले, असे आज सर्वसाधारणपणे मानले जाते. पुढल्याच वर्षी न्यूझीलंडविरुद्ध त्यांना देशाकडून खेळण्याची संधी लाभली. ती पहिली आणि शेवटचीच.

अशा अवहेलनेने एखाद्याचे मन कडवट झाले असते. फ्रान्सिस यांनी मात्र निराळा मार्ग धरला. १९४९ साली ते हल संघात आले आणि लवकरच तेथील प्रशिक्षक झाले. त्या काळी प्रशिक्षण म्हणजे मैदानाभोवती धावण्याच्या फेऱ्या आणि व्यवस्थापकाचा दरारा, एवढाच बहुधा अर्थ असे. फ्रान्सिस यांनी धावण्याच्या शास्त्राचा अभ्यास केला, खेळाडूंकडून वेगाचा सराव करवून घेतला, सामन्यांचे चित्रीकरण करून चुका दाखविण्याची पद्धत अवलंबिली. याहूनही महत्त्वाची गोष्ट म्हणजे त्यांनी खेळाडूच्या मनाचा आणि घराचाही विचार केला. खेळाडूंच्या पत्नींना सामने पाहता यावेत, यासाठी त्यांच्या येण्याजाण्याची व्यवस्था करण्यापर्यंत त्यांचे लक्ष असे. ज्याला स्वतःला परके मानले गेले होते, त्याने आपल्या संघात कोणाला परके वाटू नये, याची ही दक्षता घेतली. या परिश्रमांचे फळ म्हणून हल संघाने १९५६ आणि १९५८ साली अजिंक्यपद मिळविले.

१९६१ साली कार्डिफचा क्लाइव्ह सुलिव्हन हा कृष्णवर्णीय तरुण चाचणीसाठी हल संघाकडे आला, तो फ्रान्सिस यांच्याच कारकिर्दीत. बालपणी त्याच्या पायांवर इतक्या शस्त्रक्रिया झाल्या होत्या, की तो नीट चालू शकेल की नाही, याचीच डॉक्टरांना शंका होती. दुसऱ्या एका संघाने त्याला चाचणीनंतर नाकारलेही होते. हल संघाने त्याला घेतले. हाच सुलिव्हन पुढे ब्रिटनच्या कोणत्याही राष्ट्रीय संघाचा पहिला कृष्णवर्णीय कर्णधार झाला आणि १९७२ साली त्याच्या नेतृत्वाखाली ब्रिटनने विश्वचषक जिंकला. ज्या देशाने गुरूला दौऱ्यावर नेले नाही, त्या देशाचे नेतृत्व त्याने हेरलेल्या खेळाडूकडे यावे, हा योगायोग नव्हे. नाकारले जाण्याचे दुःख ठाऊक असलेल्या माणसाला नाकारलेल्यांमधील गुण अधिक लवकर दिसतात.

लीड्सचा चषक जिंकल्यानंतर १९६९ साली फ्रान्सिस ऑस्ट्रेलियातील नॉर्थ सिडनी संघाचे प्रशिक्षक म्हणून गेले. तेवीस वर्षांपूर्वी ज्या भूमीवर त्यांना खेळाडू म्हणून नेण्यात आले नव्हते, तेथे ते आता शिकविण्यासाठी गेले; परंतु वर्णद्वेषाचे चटके त्यांना तेथेही सोसावे लागले, आणि दोन हंगामांनंतर ते परतले. तरीही कामाची निष्ठा कमी झाली नाही. १९७५ साली त्यांच्या मार्गदर्शनाखाली लीड्सने प्रीमियरशिप जिंकली.

१९८९ साली फ्रान्सिस निवर्तले. त्यांच्या हयातीत त्यांच्या कार्याला साजेसा गौरव झाला नाही. ब्रिनमॉर येथे त्यांचा पुतळा उभा राहिला तो २०२३ साली. उशिरा झालेल्या या सन्मानाचे स्वागतच केले पाहिजे. परंतु पुतळा उभारणे तुलनेने सोपे असते. निवड समितीच्या बंद खोलीत एखादे नाव वगळले जात असताना 'का?' असा प्रश्न विचारणे अवघड असते. १९४६ साली तो प्रश्न पुरेशा ठामपणे विचारला गेला नाही. ज्यांच्या हाती निवड करण्याचे काम आहे, मग ते मैदानावर असो, शाळेत असो वा कचेरीत, त्यांनी रॉय फ्रान्सिस यांच्या चरित्रातून हे एवढे जरी लक्षात ठेवले, तरी ते पुरेसे आहे.