मागे घेतलेला अर्ज

राजगडाच्या पायथ्याचे गुंजवणे हे आमचे गाव. 1996 सालच्या भातलावणीत थोरला भाऊ पुण्याहून अवेळीच घरी आला. बापूंनी चिखलातूनच विचारले, ''रजा टाकलीस काय रे?'' दादा गप्प. रात्री जेवणे झाल्यावर त्याने खिशातला कागद माझ्या हाती दिला. कारखान्यातले पितळी सुटे भाग चोरल्याचा आळ घेऊन त्याला कामावरून काढले होते. ना चौकशी, ना साक्षीदार. तेरा वर्षांची नोकरी एका पानात संपली होती.

''नोकरी गेली तर जाऊ दे, नाव जाता कामा नये. थेट वरच्या कोर्टात जा,'' बापू म्हणाले. दुभती म्हैस विकली आणि मुंबईच्या उच्च न्यायालयात रिट अर्ज केला.

सुनावणीला मी दादाबरोबर होतो. न्यायमूर्तींनी कागद चाळले आणि विचारले, कामगार न्यायालय असताना इथे कशाला आलात? आमच्या वकिलांनी अर्ज मागे घेण्याची परवानगी मागितली. कामगार कायद्याखाली दाद मागण्याची मुभा मात्र त्यांनी हुकमात आवर्जून लिहून घेतली. पाच मिनिटांत सारे आटोपले. दादाचा चेहरा पांढराफटक पडला.

गावात बातमी आमच्याआधी पोचली होती. हायकोर्टाने परत पाठवले म्हणजे कुठेतरी पाणी मुरतेय, अशी कुजबुज पारावर सुरू झाली. वहिनींनी पाणवठ्यावर जाणे सोडले.

वकीलसाहेबांनी मग आम्हाला नीट समजावले. मुंबईच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सचा कामगारांशी झालेला खटला 1975 साली सर्वोच्च न्यायालयाने निकालात काढला. त्यात कमलाकर शांताराम वाडके हे प्रतिवादी होते. औद्योगिक विवाद कायद्याने जो हक्क दिला, त्याची दाद त्याच कायद्याच्या व्यवस्थेत मागायची, दिवाणी न्यायालयात नव्हे, असे तिथे ठरले. रिटचे दार असे बंद नसते. पण हाताशी दुसरा उपाय असला, की न्यायमूर्ती बहुधा आधी तिकडे जायला सांगतात. शिवाय रिटचे काम मुख्यतः प्रतिज्ञापत्रांवर चालते. चोरी झाली की नाही हे ठरवायचे, तर पहारेकऱ्याला पिंजऱ्यात उभे करून उलटतपासणी घ्यायला हवी. ती कामगार न्यायालयात होते. 1971 मध्ये कायद्यात आलेल्या कलम 11-अ मुळे बडतर्फी रद्द करून कामगाराला परत घ्यायला लावण्याचा अधिकारही त्या न्यायालयाला होता.

आधी मजूर खात्यात तडजोडीच्या तारखा झाल्या. ती फसल्यावर सरकारने वाद कामगार न्यायालयाकडे पाठवला. तिथे पहारेकऱ्याने कबूल केले, की पिशवी त्याने उघडलीच नव्हती. 2001 साली निकाल लागला : दादाला कामावर घ्यावे आणि मागचा निम्मा पगार द्यावा.

बापूंनी पैशांचे विचारलेच नाही. ''चोर नाही असं लिहिलंय का?'' एवढेच विचारले. आरोप शाबीत झाला नाही, ही ओळ त्यांनी माझ्याकडून दोनदा वाचून घेतली. दुसऱ्या दिवशी वहिनी हंडा घेऊन पाणवठ्यावर गेल्या.

तो 1947 चा कायदा आता राहिला नाही. 21 नोव्हेंबर 2025 पासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे. तरी दोन गोष्टी तेव्हाइतक्याच आजही खऱ्या. अर्ज मागे घेताना पुढची मुभा हुकमात लिहून घ्यावी आणि त्यानंतर एक दिवसही दवडू नये, कारण मुदत कुणासाठी थांबत नाही.

बापू म्हणायचे, ''पालीकडून राजमार्ग आहे, आपल्या गावातून चोरदरवाजाची वाट. गड तोच की!''