खांबबाबा आणि राहतगढचा धबधबा

अटलांटिक महासागरात आइसलंड नावाचे एक बेट आहे. रेकयाविक या तेथील राजधानीत उतरलेल्या प्रवाशापुढे एका दिवसाच्या सहलीचा बेत हमखास मांडला जातो. सकाळी एक वाटाड्या आपली मोटार घेऊन दाराशी येतो. प्रथम तो थिंगवेलिर येथे नेतो. तेथे इ. स. ९३० मध्ये व्हायकिंग वसाहतकऱ्यांनी उघड्या माळावर आपली लोकसभा भरविण्यास आरंभ केला. नंतर तो गुलफॉस नावाचा धबधबा दाखवितो. तेथे नदी ११ आणि २१ मीटरांच्या दोन पायऱ्यांनी एका अरुंद घळीत उडी घेते. संध्याकाळी प्रवासी मुक्कामी परततो, तो दगडावरचा इतिहास आणि दगडावरचे पाणी ही दोन्ही एका दिवसात पाहून.

व्हायकिंग म्हटले की शिंगांची शिरस्त्राणे घातलेले चाचे आपल्या डोळ्यांसमोर उभे राहतात. (ही शिंगे चित्रकारांची व नाटकवाल्यांची, उत्खननात त्या काळचे तसले शिरस्त्राण सापडलेले नाही.) इ. स. ७९३ मध्ये त्यांनी इंग्लंडच्या किनाऱ्यावरील लिंडिसफार्नचा मठ लुटला, हे खरे. परंतु पुढे काय झाले तेही ध्यानात घेतले पाहिजे. फ्रान्समध्ये ९११ साली ज्यांना जमीन मिळाली, त्यांनी तेथला धर्म स्वीकारला आणि काही पिढ्यांत तेथलीच भाषा त्यांच्या मुखी आली. दूर गेलेला माणूस नेहमी लुटूनच परततो असे नाही. कधी तो तेथला होऊन जातो आणि आपले नाव दगडावर ठेवून जातो. असा एक दगड आपल्या भोपाळपासून साठ किलोमीटरांच्या आसपास उभा आहे, आणि त्याच रस्त्याने पुढे गेले असता एक धबधबाही लागतो. तेव्हा आइसलंडच्या तोडीचा दिवस आपल्यालाही साधता येतो. त्यास विमान लागत नाही, पहाटे उठावे मात्र लागते.

रस्ता भोपाळहून सांची, विदिशा, ग्यारसपूर असा राहतगढपर्यंत जातो व पुढे सागरला मिळतो. राहतगढ सुमारे एकशे तीस किलोमीटर पडते. दोन वर्षांपूर्वी श्रावणात आम्ही दोन कुटुंबे भाड्याची मोटार करून या वाटेने गेलो होतो. मोटार चालविणारे गृहस्थच आमचे वाटाडे. वयाने पन्नाशीचे, आमची मुले त्यांना चाचा म्हणू लागली. सांचीच्या अलीकडे कर्कवृत्त रस्ता ओलांडते. तेथे खुणेचा फलक आहे. मुलांनी उतरून एक पाय उष्ण कटिबंधात आणि दुसरा समशीतोष्ण कटिबंधात ठेवण्याचा सोहळा केला. सांचीचा स्तूप आपल्या शाळेतील बहुतेकांनी पाहिलेला असल्यामुळे आम्ही न थांबता विदिशा गाठली.

विदिशेच्या बाहेर, बेतवा आणि बेस या नद्यांच्या मध्ये बेसनगर आहे. प्राचीन विदिशा नगरी ती हीच. तेथील एका एकाकी दगडी स्तंभापाशी थांबावयाचे म्हणताच चाचा म्हणाले, "वहाँ क्या है साहब, एक खंभा है। देर हो जाएगी।" आम्ही हट्टाने उतरलो.

स्तंभ सुमारे वीस फूट उंच आहे. तळाशी तो अष्टकोनी आहे. वर जाता जाता त्याला सोळा पैलू, मग बत्तीस पैलू पडतात आणि शेवटी तो गोल होतो. शिरावर पूर्वी गरुड होता. तो आज तेथे नाही. आसपासचे लोक त्यास खांबबाबा म्हणत आले आहेत. ढीमर लोक तर त्याची पूजाच करीत, आणि पिढ्यानपिढ्या फासलेल्या शेंदराची इतकी जाड साल त्यावर चढली होती की, १८७७ साली कनिंगहॅमसारखा जाणता पुराणवस्तुशोधक तेथे येऊन गेला तरी त्यास अक्षर दिसले नाही. आकारावरून त्याने हा स्तंभ गुप्तकालीन असावा असा कयास केला. १९०९ साली शेंदूर दूर करण्यात आला आणि खालून ब्राह्मी लिपीतील प्राकृत लेख प्रकट झाला. कनिंगहॅमचा कयास पाचएकशे वर्षांनी चुकला होता!

लेखाचा आशय असा: देवाधिदेव वासुदेवाचा हा गरुडध्वज तक्षशिलेच्या हेलिओदोर याने उभारविला. तो दियाचा पुत्र, स्वतःस भागवत म्हणविणारा, आणि महाराज अंतलिकित याच्याकडून राजा काशीपुत्र भागभद्र याच्या दरबारी आलेला यवन दूत होता. हे भागभद्राच्या राज्याचे चौदावे वर्ष. येथे यवन म्हणजे ग्रीक, अंतलिकित म्हणजे ग्रीक नाण्यांवरील अँटिअल्किडस, काळ इ. स. पूर्व दुसऱ्या शतकाची अखेर. खाली आणखी दोन ओळी आहेत. दम, त्याग आणि अप्रमाद, म्हणजे सावधपणा, ही तीन पदे नीट आचरली असता स्वर्गास नेतात, असा त्यांचा अर्थ.

शिकंदर हिंदुस्थानात आला तो इ. स. पूर्व ३२६ मध्ये, तलवार घेऊन. त्यानंतर दोनशे वर्षांनी त्याच वंशाचा एक मनुष्य पंजाबातून माळव्यापर्यंत येतो, परक्या दरबारात वकिली करतो आणि वासुदेवाचा भक्त म्हणून ध्वज उभारतो. वासुदेवभक्तीचा इतका जुना शिलालेख क्वचितच आढळतो, आणि तो कोरविणारा मनुष्य जन्माने ग्रीक! याच्या उलट जाणारीही एक वस्तू आहे. स्वीडनमधील हेल्गो या बेटावर १९५६ साली उत्खननात बुद्धाची एक लहानशी काशाची मूर्ती सापडली. उंची जेमतेम आठ सेंटिमीटर. ती घडली हिंदुस्थानच्या वायव्य सीमेकडे, सहाव्या शतकाच्या सुमारास, आणि हातोहाती व्हायकिंगांच्या देशी पोहोचली. ती कोणी नेली ते तिच्यावर लिहिलेले नाही. हेलिओदोराचे मात्र लिहिलेले आहे, एवढाच काय तो फरक.

भोपाळमध्ये मराठी घरे पुष्कळ आहेत. त्यांतील कित्येकांचे आजोबा १९५६ साली राजधानी नागपूरहून येथे आली तेव्हा कचेऱ्यांच्या दप्तरांबरोबर आले. मी स्वतः कोंकणी घरात वाढलो. आमच्या गावात वेशीवरच्या दगडाला राखणदार म्हणतात. त्याला नारळ दिल्यावाचून शेतात पाऊल पडत नाही. त्यामुळे शेंदूर फासणाऱ्या ढीमरांना हसावे असे मला वाटत नाही. शेंदराने अक्षरे झाकली, ही गोष्ट खरी. पण ज्याला लोक बाबा म्हणतात तो खांब फोडून कोणी घराच्या पायाला घालीत नाही, हीही खरीच.

या जागेचे उत्खनन प्रथम पद्धतशीरपणे केले ते देवदत्त रामकृष्ण भांडारकर यांनी, १९१३ ते १९१५ या काळात. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांचे हे चिरंजीव. बेसनगर त्या वेळी शिंद्यांच्या ग्वाल्हेर संस्थानात होते. पुढे १९६३ ते १९६५ या वर्षांत खरे यांनी पुन्हा खोदकाम केले, तेव्हा स्तंभाहूनही जुन्या, लंबवर्तुळाकार मंदिराचा पाया उघडकीस आला. ते मंदिर पुरात नष्ट झाले होते. लोकांनी भर घालून जमीन उंच केली आणि दुसरे बांधले. तेही पुराने नेले. तेव्हा पुन्हा भराव घालून जी तिसरी रचना झाली, तिच्यात दगडी स्तंभांची रांग होती आणि हेलिओदोराचा स्तंभ तीतलाच. दोन नद्यांच्या बेचक्यात देव बसविणाऱ्यांना पाण्याने दोनदा शिकविले, आणि तरी त्यांनी जागा सोडली नाही.

मी हे सारे मुलांना सांगत असता चाचा मागे उभे राहून ऐकत होते. ते काही बोलले नाहीत.

ग्यारसपूरविषयी थोडक्यात आटोपतो. तेथील मालादेवीचे मंदिर नवव्या शतकातले. डोंगराच्या उतारास कोरून व बांधून असे दोन्ही प्रकारे उभे केलेले. खाली हिंडोळा तोरण आहे. ग्यारसपूरची प्रसिद्ध शालभंजिका मात्र येथे शोधू नये; ती ग्वाल्हेरच्या गुजरी महाल संग्रहालयात कुलूपबंद आहे.

राहतगढला पोहोचेपर्यंत दुपार झाली. बीना नदीचा धबधबा गावापासून जवळच आहे. पाणी दिसण्याआधी त्याचा घोष ऐकू येतो. येथे धबधबा होतो कसा, हे सांगितले पाहिजे, कारण पुढची हकीकत त्यावाचून समजावयाची नाही. नदीच्या तळाचा खडक सर्वत्र सारख्या कठीणपणाचा नसतो. वर टणक थर आणि खाली ठिसूळ थर असा जेथे योग असतो, तेथे पाणी खालचा थर पोखरून काढते. वरचा थर छज्जासारखा पुढे राहतो. आधार संपला की तोही कोसळतो. मग कडा थोडा मागे सरकतो आणि तेच काम पुन्हा सुरू होते. म्हणजे धबधबा जागचा हलत नाही असे आपणांस वाटते, परंतु तो उगमाच्या दिशेने चालत असतो. अमेरिकेतील नायगारा गेल्या सुमारे १२,००० वर्षांत असा ११ किलोमीटर मागे गेला आहे. पडलेले पाणी गोटे घुसळीत तळ कोरते. त्यामुळे पायथ्याशी डोह होतो. तो वरून शांत दिसला तरी पडणारे पाणी आत शिरून तळाशी भोवरा धरते, आणि पट्टीचा पोहणाराही त्यात खाली ओढला जातो. पाण्याच्या तुषारांनी कडेचे दगड सदा ओले असतात व त्यांवर शेवाळ धरते. अशा दगडावर चपलेपेक्षा अनवाणी पाय बरा, आणि त्याहून बरे म्हणजे तेथे न जाणे.

आमच्याबरोबर नववीतला एक मुलगा होता. वरच्या अंगास, कड्यापासून बऱ्याच अंतरावर, नदीच्या पात्रात एक सपाट कातळ होता. पाणी घोट्याएवढे, ऊन पडलेले. तो त्या कातळावर जाऊन बसला आणि त्याने आपल्या धाकट्या बहिणीलाही बोलावले. मीही हरकत घेतली नाही. अंगात ऊन होते, आकाश निरभ्र होते, आणि पाऊस म्हणजे डोक्यावर पडतो तो, अशीच माझी समजूत असावी. एवढ्यात चाचा मोटारीपाशी होते ते धावत आले आणि ओरडले, "बच्चे को बुलाओ, पानी का रंग देखो!" मी पाहिले. निवळ पाणी किंचित गढूळ झाले होते आणि त्यावर काड्या व पाने वाहत येत होती, एवढेच. मुलगा कुरकुरत परतला. बहीण अर्ध्या वाटेवरून वळली. आम्ही काठावर डबे उघडले, आणि जेवण संपण्यापूर्वी तो कातळ पाण्याखाली गेलेला होता.

वरच्या प्रदेशात कोठे तरी पाऊस झाला होता. नदी तो आपल्या चालीने खाली आणते. म्हणून येथे ऊन असताना पूर येतो. पाणी वाढण्याआधी बहुधा त्याचा रंग पालटतो, कचरा येऊ लागतो, कधी आवाजही बदलतो. ही लक्षणे मी कोणत्याही पुस्तकात शोधली नव्हती. ब्राह्मीतला लेख मी वाचून दाखविला होता. पाण्यावर लिहिलेले मात्र चाचांनी वाचले. मुलाच्या आईने त्यांच्यापुढे पहिला डबा ठेवला. मी बराच वेळ काही खाऊ शकलो नाही.

राहतगढचा किल्ला आम्ही उशिरा पाहिला. १८५८ च्या जानेवारीत सर ह्यू रोझ याने तो वेढा घालून घेतला आणि अंबापानीचे फाजिल महंमदखान यांस किल्ल्याच्या दरवाजावर फाशी दिले. तेथून तो सागरला व पुढे झाशीवर गेला. झाशीची कथा आपल्या घरोघरी ठाऊक आहे, तिच्या वाटेवरचे राहतगढ मात्र फारसे कोणास ठाऊक नसते.

ज्या कुटुंबांस जावयाचे असेल त्यांनी भाद्रपदाची अखेर किंवा आश्विन निवडावा; पाणी भरपूर असते आणि पावसाचा जोर ओसरलेला असतो. उन्हाळ्यात धार बारीक होते. पहाटे सहाला निघावे, खांबबाबापाशी निदान एक तास द्यावा, आणि दुपारी तीननंतर धबधब्यावर रेंगाळू नये. वाटाड्या घ्यावा तो स्थानिक, नदी ओळखणारा. परतताना आम्ही विदिशेजवळ आलो तेव्हा अंधार पडला होता. चाचांनी मोटार सावकाश केली आणि विचारले, "वो जो खंभे वाला था, उसका नाम क्या बताया था आपने?" मागच्या बाकावरून झोपाळलेल्या आवाजात नववीतल्या मुलाने उत्तर दिले.