दावा मागे घेताय? सही करण्यापूर्वी हे वाचा



ठेवीचे पैसे मिळत नाहीत म्हणून कोर्टात गेलेल्या माणसाला कधी कधी अर्ध्या वाटेवर कळते, की आपण चुकीच्या कोर्टात आलो. वकील म्हणतात, "इथला दावा काढून घेऊ, दुसरीकडे लावू." सल्ला योग्य असू शकतो. पण अर्जात दोन गोष्टी लिहायच्या राहिल्या, तर हक्काचे पैसे कायमचे हातचे जाऊ शकतात.

एक उदाहरण घेऊ. तलकाडच्या एका ठेवीदाराने कोल्हापूरच्या एका खासगी वित्त कंपनीत, तिथे जाऊन ठेव ठेवली. जून २०२२ मध्ये मुदत संपली, त्याने पैसे मागितले, मिळाले नाहीत. पैसे वसुलीच्या दाव्याला साधारण ३ वर्षांची मुदत असते, म्हणजे जून २०२५ पर्यंत. त्याने जून २०२३ मध्ये म्हैसूरला दिवाणी दावा लावला. दोन वर्षांनी कंपनीने मुद्दा काढला, की व्यवहार कोल्हापूरचा, कंपनीही तिथलीच, तेव्हा दावा तिथेच चालायला हवा.

पहिली गोष्ट : परवानगी

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम १ प्रमाणे दावा नुसता मागे घेतला, तर त्याच विषयावर त्याच प्रतिवादीविरुद्ध पुन्हा दावा करता येत नाही. खर्चही अंगावर पडू शकतो. म्हणून "नवा दावा दाखल करण्याची मुभा ठेवून" मागे घेण्याची परवानगी मागावी लागते. दाव्यात तांत्रिक दोष असेल किंवा इतर पुरेसे कारण असेल, तर कोर्ट ती देऊ शकते.

दुसरी गोष्ट : कारण

परवानगी मिळाली तरी, नियम २ प्रमाणे, मुदत मोजताना पहिला दावा झालाच नव्हता असे धरतात. मग आपल्या ठेवीदाराने जुलै २०२५ मध्ये कोल्हापुरात लावलेला दावा उशिराचा ठरेल.

इथे मुदत कायदा, १९६३ चे कलम १४ मदतीला येते. त्या कोर्टाला अधिकारच नाही अशा किंवा तशाच दोषामुळे पहिला दावा टिकणार नव्हता, आणि त्याच कारणावरून परवानगी मिळाली, तर तिथे गेलेला काळ वगळता येतो. मात्र पहिला दावा प्रामाणिकपणे आणि नेटाने चालवलेला हवा. तसे झाले तर आपल्या ठेवीदाराचे एकच वर्ष खर्ची पडले असे धरले जाईल आणि दोन वर्षे हातात राहतील. फरक केवळ आदेशातल्या एका वाक्याचा.

उच्च न्यायालय आणि ग्राहक आयोग

सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात १९८६ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की मुभा न घेता मागे घेतलेली रिट याचिका त्याच कारणासाठी पुन्हा करता येत नाही. दिवाणी दाव्यासारखा दुसरा मार्ग मात्र त्यामुळे बंद होत नाही.

ग्राहक मंचाकडून दिवाणी कोर्टाकडे जाण्याचे उदाहरण महाराष्ट्रातले आहे. लक्ष्मी इंजिनिअरिंग वर्क्स या लघुउद्योगाने यंत्राबद्दल तक्रार केली. राज्य आयोगाने बाजूने निकाल दिला, राष्ट्रीय आयोगाने तो फिरवला. ४ एप्रिल १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही खरेदी व्यापारी हेतूची म्हणून दाद नाकारली. पण दिवाणी दावा करायचा असल्यास कलम १४ चा लाभ मागता येईल, असे स्पष्ट केले.

सही करण्यापूर्वी

१. अर्जात "मुभा ठेवून" हे शब्द आणि मागे घेण्याचे नेमके कारण आहे का, ते वकिलांना वाचून दाखवायला सांगा.

२. आदेशातही दोन्ही गोष्टी आल्या आहेत का, ते प्रमाणित प्रत घेऊन पाहा. दावा दाखल केल्याची पावतीही जपून ठेवा.

३. नव्या ठिकाणची मुदत विचारा. ग्राहक आयोगाकडे ती २ वर्षे आहे. तिथे तक्रारदार स्वतः राहतो त्या जिल्ह्यातही तक्रार करता येते.

४. बँकेविरुद्ध रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जायचे असेल, तर तोच वाद कोर्टात चालू असताना तक्रार घेतली जात नाही. आधी बँकेला लेखी तक्रार देऊन ३० दिवस थांबावे लागते.

आदेश हातात पडला, की दुसऱ्या दिवसापासून पुढच्या कामाला लागा. वगळलेला काळ आदेशाबरोबर संपतो आणि मुदत पुन्हा चालू होते.