पासपोर्टआधी नावं जुळवा

शाळा सोडल्याच्या दाखल्यावर ‘जाधव सुनंदा तुकाराम’. आधार कार्डावर ‘सुनंदा विलास मोरे’. पॅन कार्डावर ‘सुनंदा टी. जाधव’ आणि बँकेच्या पासबुकात नुसतंच ‘सुनंदा मोरे’. बाई एकच. महाराष्ट्रातल्या कुठल्याही घरात लग्न झालेल्या बाईच्या कागदांची फाइल उघडा, थोड्याफार फरकानं हेच दिसेल. गावात, सोसायटीत, रेशनच्या दुकानात याचं काही अडत नाही. पासपोर्टला मात्र अडतं.

पासपोर्ट काढायचा म्हटलं की लोकांना धास्ती वाटते ती सरकारी कार्यालयाची, पोलिसांची आणि ऑनलाइन फॉर्मची. त्या धास्तीपायी एजंटाच्या हातावर पैसे ठेवून मोकळे होणारे पुष्कळ आहेत. खरं तर ही व्यवस्था गेल्या दहा-पंधरा वर्षांत खूप सोपी झाली आहे. अर्ज अडतो तो बहुधा कागदांमधल्या तफावतीमुळे, आणि ती कुठलाही एजंट मिटवू शकत नाही. ती घरी बसून, फॉर्म उघडण्याआधीच मिटवावी लागते.

फॉर्ममध्ये नावासाठी दोन रकाने असतात, ‘गिव्हन नेम’ आणि ‘सरनेम’. आपल्या नावाचे भाग तीन. मधलं, म्हणजे वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव लावायचं असेल तर ते गिव्हन नेमच्या रकान्यात पहिल्या नावामागोमाग लिहायचं. सरनेममध्ये फक्त आडनाव. आद्याक्षरं चालत नाहीत, नाव पूर्ण लिहावं लागतं. आपल्याकडच्या दाखल्यांवर आडनाव आधी छापलेलं असतं. टाइप करणाऱ्यानं दाखल्यावरचा क्रम तसाच उचलला की ‘जाधव सुनंदा’ हे नाव आणि ‘तुकाराम’ हे आडनाव होऊन बसतं. पुढे व्हिसा, विमानाचं तिकीट, परदेशातल्या बँकेचं खातं, सगळं त्या उलट्यापालट्या नावानंच निघत जातं.

काही जण सरनेमचा रकाना रिकामा सोडून संपूर्ण नाव पहिल्या रकान्यात भरतात. हेही करू नका. संयुक्त अरब अमिरातीनं नोव्हेंबर 2022 मध्ये पासपोर्टवर एकच नाव असलेल्या पर्यटकांना प्रवेश नाकारण्याचा नियम केला, तेव्हा आपल्याकडच्या अनेक प्रवाशांची ऐन वेळी धावपळ झाली होती.

स्पेलिंगचंही तसंच. ‘दीपक’ एका कागदावर दोन ‘ई’ घालून लिहिलेला असतो, दुसऱ्यावर ‘आय’ घालून. अशा वेळी कुठला कागद मूळ मानायचा? माझं मत विचाराल तर दहावीचं प्रमाणपत्र. पुढचं सगळं शिक्षण त्याच नावानं झालेलं असतं आणि परदेशी विद्यापीठ किंवा नोकरी देणारी कंपनी तेच मागते. आधार आणि पॅन त्याबरहुकूम दुरुस्त करून घ्या. आधारवरचं नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, म्हणून ही दुरुस्ती नीट विचार करून करा.

लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कुठलाही कायदा नाही. माहेरच्या नावानं पासपोर्ट मिळतो, असलेला तसाच चालू राहतो. सासरचं नाव हवं असेल तर विवाह नोंदणीचं प्रमाणपत्र जवळ असावं. नगरपालिका, महापालिका किंवा ग्रामपंचायतीत ही नोंदणी होते, लग्नाला कितीही वर्षं झालेली असली तरी. नावाचा पूर्ण कायापालट झाला असेल तर तो महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रात प्रसिद्ध करून घेण्याची रीत आहे. तो अर्जही आता ऑनलाइन होतो. आणि घरात तान्हं बाळ असेल तर एक नवी गोष्ट ध्यानात ठेवा. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव लावण्याचा निर्णय राज्य सरकारनं घेतला आहे. बाळाच्या जन्मदाखल्यावर नाव जसं आहे, अगदी तसंच पासपोर्टच्या फॉर्मवर उतरवा.

जन्मतारखेच्या पुराव्याबाबत बराच गैरसमज आहे. पूर्वी 26 जानेवारी 1989 रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांना जन्मदाखल्याशिवाय गत्यंतर नव्हतं. डिसेंबर 2016 मध्ये ही सक्ती गेली. शाळा सोडल्याचा दाखला किंवा दहावीचं प्रमाणपत्र, पॅन, आधार, वाहन परवाना, मतदार ओळखपत्र यांपैकी जन्मतारीख असलेला कागद चालू लागला. त्याच वेळी आई-वडील दोघांची नावं देण्याची अट गेली, एकाचं नाव पुरेसं झालं. एकट्या आईनं वाढवलेल्या कितीतरी मुलांचा मार्ग त्यानं मोकळा केला. फेब्रुवारी 2025 मध्ये नियम पुन्हा बदलले: 1 ऑक्टोबर 2023 रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी आता फक्त जन्मदाखलाच ग्राह्य आहे. म्हणजे मोठ्यांना सवलत कायम, तान्ह्या मुलांना दाखला अनिवार्य.

जन्मतारखेला दुसरा कागद चालतोय म्हणून दहावीचं प्रमाणपत्र घरी ठेवून जाऊ नका. जे दहावी उत्तीर्ण नाहीत त्यांच्या पासपोर्टवर सर्वसाधारणपणे ‘ईसीआर’ असा शेरा पडतो. असा पासपोर्ट असलेल्या माणसाला सौदी अरेबिया, कुवेत, कतार, ओमान, मलेशिया अशा ठरावीक अठरा देशांत नोकरीसाठी जायचं तर आधी सरकारच्या उत्प्रवासन विभागाची मंजुरी लागते. फसवून नेल्या जाणाऱ्या कामगारांना संरक्षण मिळावं म्हणून 1983 च्या कायद्यानं ही सोय केली आणि ती गरजेची आहे. पण दहावी पास झालेला माणूस केवळ प्रमाणपत्र न दाखवल्यामुळे त्या यादीत गेला, तर त्याचा हकनाक खोळंबा होतो. रत्नागिरी-रायगडच्या ज्या गावांतून पिढ्यान्‌पिढ्या माणसं आखातात जातात, तिथं हे घरोघरी ठाऊक असतं. देशावरून पहिल्यांदा बाहेर पडणाऱ्या पोरांना ते कुणीतरी सांगायला हवं. प्राप्तिकर भरणारे आणि पन्नाशी ओलांडलेले यांनाही या अटीतून सूट आहे, त्यांनी तसा पुरावा न्यावा.

कागद जुळले की अर्ज. तो करायचा परराष्ट्र मंत्रालयाच्या ‘पासपोर्ट सेवा’ संकेतस्थळावर, म्हणजे ‘पासपोर्टइंडिया डॉट गव्ह डॉट इन’ वर, नाहीतर ‘एमपासपोर्ट सेवा’ ॲपवर. स्वतःच्या ईमेलनं खातं उघडा, फॉर्म भरा, फी भरा, तारीख घ्या. प्रौढांच्या छत्तीस पानी पासपोर्टची फी 1,500 रुपये, साठ पानी हवा असेल तर 2,000. अठरा वर्षांखालच्या मुलांना 1,000. आठ वर्षांपर्यंतची मुलं आणि साठीपुढचे ज्येष्ठ यांना नव्या पासपोर्टवर दहा टक्के सूट मिळते. भरलेली फी वर्षभर चालते, तेवढ्यात तारीख तीनदा बदलता येते.

महाराष्ट्रात मुंबई, पुणे आणि नागपूर इथं प्रादेशिक पासपोर्ट कार्यालयं आहेत, गोव्याचं पणजीत. आपण जातो ते त्यांच्या हाताखालच्या पासपोर्ट सेवा केंद्रात. मुंबईत अंधेरी, मालाड, लोअर परळ, पुण्यात मुंढवा, शिवाय ठाणे, नाशिक, नागपूर. 2017 पासून टपाल कार्यालयांतही ही केंद्रं सुरू झाली आणि जिल्ह्याच्या ठिकाणच्या माणसाला खरा दिलासा त्यांनी दिला. कोल्हापूरकरांना पुणे गाठावं लागत होतं, ते त्या वर्षी थांबलं. तेव्हाच्या औरंगाबादलाही तेव्हाच केंद्र मिळालं. जून 2018 पासून देशात कुठूनही अर्ज करता येतो. लातूरची मुलगी पुण्यात शिकत असेल तर तिला अर्जासाठी लातूरला परतायची गरज नाही.

मात्र पत्ता कुठला द्यायचा ते नीट समजून घ्या. केंद्र तुम्ही कुठलंही निवडा, पोलीस येतात ते फॉर्मवर ‘सध्याचा पत्ता’ म्हणून जो लिहिलाय तिथंच, आणि पासपोर्ट स्पीड पोस्टनं येतो तोही तिथंच. पुण्यातल्या वसतिगृहात राहणाऱ्या मुलीनं गावचा पत्ता सध्याचा म्हणून दिला आणि हवालदार गावी पोचले, तर ‘इथं राहत नाही’ असाच अहवाल जाणार. जिथं खरोखर राहता तोच पत्ता द्या. त्यासाठी आधार, वीजबिल, नोंदणीकृत भाडेकरार, फोटो असलेलं चालू बँक पासबुक यांपैकी पुरावा ठेवा. विद्यार्थ्यांनी कॉलेजचं बोनाफाइड प्रमाणपत्रही जोडावं.

केंद्रावरचं काम सुटसुटीत असतं. दारात कागद पाहून टोकन मिळतं. मग ए, बी आणि सी अशा तीन काउंटरांवरून जायचं. ए काउंटरवर खासगी कंपनीचे कर्मचारी कागद स्कॅन करतात, फोटो आणि बोटांचे ठसे घेतात. बी आणि सी वर सरकारी अधिकारी मूळ कागद तपासतात आणि निर्णय घेतात. फोटो तिथंच काढतात, त्यामुळे सोबत न्यायचा नसतो. चार वर्षांखालच्या मुलांचा तेवढा पांढऱ्या पार्श्वभूमीचा न्यावा. डिजिलॉकरमधले कागद चालतात, तरी मूळ प्रती सोबत असू द्या. ए काउंटरवर पडद्यावर तुमची माहिती दाखवतात, ती घाई न करता वाचा. चूक सुधारायची सगळ्यात सोपी वेळ तीच. एखादा कागद कमी पडला तर पुन्हा यावं लागतं. फी दुसऱ्यांदा जात नाही, पण रजा जाते, बसभाडं जातं.

मुलांचा पासपोर्ट काढताना आई आणि वडील दोघांच्या सहीचं ‘परिशिष्ट डी’ लागतं. एकाचीच संमती उपलब्ध असेल तर ‘परिशिष्ट सी’. ही साध्या कागदावरची स्वयंघोषणा आहे. नोटरी नको, स्टॅम्पपेपर नको, आणि ‘लागतोच’ म्हणून कुणी तो विकत असेल तर घेऊ नका. मुलांचा पासपोर्ट पाच वर्षं किंवा अठरा पूर्ण होईपर्यंत, जे आधी येईल तोवर चालतो.

घाईत असणाऱ्यांसाठी तत्काळ योजना आहे. वर 2,000 रुपये पडतात, ठरावीक यादीतले तीन कागद दाखवावे लागतात आणि पोलीस पडताळणी पासपोर्ट हातात पडल्यावर होते. परदेशात मुलीचं बाळंतपण, एखादं आजारपण अशा वेळी ती उपयोगी आहे. जुन्या पासपोर्टची मुदत संपत आली असेल तर मात्र तत्काळची वाट पाहू नका. मुदतीच्या वर्षभर आधीपासून नव्यासाठी अर्ज करता येतो आणि अनेक देश सहा महिन्यांपेक्षा कमी मुदत उरलेला पासपोर्ट स्वीकारत नाहीत.

आता पोलिसांविषयी. पडताळणीसाठी अर्जदारानं एक रुपयाही द्यायचा नसतो. त्या कामाचे पैसे केंद्र सरकार राज्याच्या पोलिसांना देतं. कोर्टात एखादी केस असली तर लोक ती लपवतात, हे सगळ्यात वाईट. माहिती दडवणं पासपोर्ट कायद्याच्या कलम 12 खाली गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. आणि लपवायची गरजही नसते. नुसता एफआयआर दाखल असून तपास चालू असेल, तर त्याला प्रलंबित फौजदारी खटला म्हणत नाहीत, असं परराष्ट्र मंत्रालयानं ऑक्टोबर 2019 च्या परिपत्रकात स्पष्ट केलं आहे. न्यायालयानं दखल घेतलेला खटला चालू असला तरी त्याच न्यायालयाची परवानगी आणली तर 1993 च्या अधिसूचनेनुसार मर्यादित मुदतीचा पासपोर्ट मिळतो. भाऊबंदकीच्या बांधावरच्या मारामारीत नाव गोवलं गेलेल्या गावोगावच्या तरुणांनी हे मुद्दाम लक्षात ठेवावं.

कारण पासपोर्ट ही कुणाची मेहेरबानी नाही. 1967 पर्यंत तो देणं न देणं सरकारच्या मर्जीवर होतं. त्या वर्षी एप्रिलमध्ये सतवंतसिंग साहनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ठरवलं, की परदेशी जाण्याचा हक्क हा घटनेच्या कलम 21 मधल्या व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे आणि कायद्याचा आधार असल्याशिवाय सरकार तो हिरावू शकत नाही. त्यामुळे सरकारला कायदा करावाच लागला, आणि 24 जून 1967 रोजी पासपोर्ट कायदा आला. म्हणून तोंडी नकार कधी मान्य करू नका. नकाराची कारणं लेखी मागता येतात आणि त्यावर अपील करता येतं.

तुमच्या हातात पडणारी पुस्तिका छापली जाते आपल्या नाशिकरोडच्या इंडिया सिक्युरिटी प्रेसमध्ये. आता त्यात चिप असलेला ई-पासपोर्ट येऊ लागला आहे. एप्रिल 2024 मध्ये प्रायोगिक सुरुवात झाली तेव्हा पहिल्या कार्यालयांत नागपूर होतं. मुखपृष्ठावर नावाखाली छोटं सोनेरी चिन्ह दिसलं की तो ई-पासपोर्ट. जुना पासपोर्ट मुदत संपेपर्यंत चालतो, केवळ चिपसाठी बदलायची गरज नाही.

शेवटचं सांगणं बनावट संकेतस्थळांबद्दल. इंटरनेटवर ‘पासपोर्ट’ शोधलं की सरकारीच वाटावीत अशी भलतीच पानं समोर येतात. ती फीच्या नावाखाली पैसे उकळतात आणि तुमचे कागदही स्वतःकडे ठेवून घेतात. पत्त्याचा शेवट ‘डॉट गव्ह डॉट इन’ नसेल तर तिथं आधारचा आकडासुद्धा टाकू नका. अर्ज स्वतः भरा, नाहीतर घरातल्या शिकत्या मुला-मुलीला शेजारी बसवून भरा. कुठे अडलं तर पासपोर्ट सेवेच्या 1800-258-1800 या निःशुल्क क्रमांकावर विचारा.