जप्त ट्रॅक्टर आणि कचेरीची दिरंगाई

विनापरवाना वाळू वा मुरूम वाहणाऱ्यांची वकिली करण्याचा आमचा हेतु नाहीं. गुन्हा तो गुन्हाच. परंतु दंड भरावयास तयार असलेल्या शेतकऱ्याचा ट्रॅक्टर जेव्हां कचेरीच्या आवारांत महिनोन् महिने ऊनपावसांत उभा राहतो, टायर बसतात, बॅटरी मरते आणि इकडे वाफसा निघून जातो, तेव्हां ही अधिक शिक्षा कोणत्या कलमांत सांगितली आहे, हें विचारण्याचा त्यास पूर्ण हक्क आहे.

आम्हीं महसूल खात्यांत पुष्कळ वर्षें कारकुनी केली. दिरंगाई कशी घडते हें आम्हांस आंतून ठाऊक आहे. एक शेतकरी दर सोमवारीं आमच्या मेजाशीं येई आणि 'साहेब फिरतीवर आहेत' हें उत्तर घेऊन परत जाई. पावसाळा लागल्यावर तो वकिलाकडे गेला. वकिलानें विचारलें, कचेरीनें विलंब केला याला पुरावा काय? पुरावा कांहींच नव्हता. त्याच्या एकाहि खेपेची नोंद रोजनाम्यांत नव्हती, कारण त्यानें कागद कधीं दिलाच नव्हता, आणि आम्हींहि तो मागितला नव्हता. ही गोष्ट सांगतांना आम्हांस संकोच वाटतो.

प्रथम वाहन कोणीं धरलें तें पाहावें. महसूल अधिकाऱ्यानें धरलें असल्यास महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याचें कलम ४८ (८) लागू होतें. त्याप्रमाणें जप्तीपासून ४८ तासांच्या आंत वाहन जिल्हाधिकाऱ्यापुढें, किंवा त्यांनीं अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढें, हजर केलें पाहिजे. विहित दंड आणि पुन्हां असा वापर न करण्याचा जातमुचलका घेऊन तो अधिकारी वाहन सोडूं शकतो. म्हणून तहसील कचेरीच्या पायऱ्या झिजविण्यापेक्षां याच अधिकाऱ्याच्या नांवें लेखी अर्ज करावा. दंड व जातमुचलका देण्याची तयारी त्यांत स्पष्ट लिहावी आणि बारनिशींत नोंदवून दुसऱ्या प्रतीवर शिक्का व तारीख घ्यावी. शिक्क्यावांचून दिलेला अर्ज न दिल्यासारखाच समजावा.

पोलिसांनीं धरलें असल्यास दार निराळें, तें दंडाधिकाऱ्याचें. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें २००२ सालीं सांगितलें कीं, जप्त वाहनें पोलीस ठाण्यांत दीर्घकाळ ठेवण्यांत कांहीं अर्थ नाहीं. योग्य तारण घेऊन दंडाधिकाऱ्यानें लगेच हुकूम करावा. पूर्वी हा अर्ज फौजदारी संहितेच्या कलम ४५१ वा ४५७ खालीं होत असे. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचीं कलमें ४९७ व ५०३ त्या जागीं आलीं आहेत. वाळूच्या प्रकरणांत मात्र दोन्ही कारवाया एकाच वेळीं चालूं शकतात. तेव्हां एका दारचा हुकूम हातीं आला म्हणून वाहन सुटलें असें समजूं नये.

आतां उच्च न्यायालयाविषयीं. प्रांतसाहेबांचा हुकूम मान्य नसेल तर साठ दिवसांत अपील आहे. पण हुकूमच झाला नाहीं, तर अपील कशावर करावयाचें? येथेंच त्या शिक्क्याच्या प्रतीची किंमत कळते. ती जोडून संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालीं याचिका करितां येते. न्यायालय वाहन थेट सोडीलच असें नाहीं. पुष्कळ वेळां अमुक दिवसांत अर्जाचा निकाल लावा, एवढाच आदेश होतो. त्यानें निराश होण्याचें कारण नाहीं. पडून राहिलेलें दप्तर हलण्यास तेवढें बहुधा पुरतें. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग येथील लोकांस १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचें सर्किट बेंच उघडलें असल्यानें मुंबईची वारीहि टळली आहे.

जप्तीच्या वेळीं आणखी एक काम करावें. टायर, बॅटरी, ट्रॉली व अवजारें यांची स्थिति पंचनाम्यांत लिहविण्याचा आग्रह धरावा व प्रत मागावी. वाहन परत घेतांना ती हातीं धरून एकेक वस्तु ताडून पाहावी, आणि कांहीं उणें दिसल्यास ताबा-पावतीवर तेथल्या तेथें लिहावें. मगच सही करावी.