कपिलधारेच्या खडकाचं वय

मांजरसुंब्याजवळ, बालाघाटाच्या डोंगरकुशीत कपिलधारेचं पाणी काळ्या कातळावरून कोसळतं. मन्मथस्वामींच्या समाधीला कार्तिक पौर्णिमेला येणारे भाविक इथे थांबतात. हा कातळ म्हणजे दख्खनचा बसाल्ट, थरावर थर साचून थिजलेला लाव्हा. त्याचं वय सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षं. हा आकडा मिळतो तो शाळेत शिकवल्या जाणाऱ्या एका समीकरणातून.

२ चा क्ष घात = ८. क्ष किती? आठवीतली मुलगीही ३ म्हणेल. पण उजवीकडे ८ ऐवजी १० आले की अडचण होते, कारण अज्ञात संख्या घाताच्या जागी जाऊन बसलेली असते. बेरीज-वजाबाकीने ती खाली उतरत नाही.

एक जुनी वाट निम्मं करण्याची. संख्या किती वेळा अर्धी केली की १ उरतो? ३२ ला पाच वेळा. नवव्या शतकात जैन आचार्य वीरसेनांनी ‘धवला’ टीकेत यालाच ‘अर्धच्छेद’ म्हटलं. तिथे तीनाने भागत जाण्याचा ‘त्रिकच्छेद’ही आहे. ताडपत्रांवर जपलेला हा ग्रंथ १९३९ पासून छापला जाऊ लागला तो आपल्या अमरावतीत, डॉ. हिरालाल जैन यांच्या संपादनाखाली. १० मात्र अर्धे करत गेलो तर ५, अडीच, सव्वा, आणि पुढे १ च्याही खाली. म्हणजे उत्तर तीन आणि चारच्या मध्ये कुठेतरी. नेमकं उत्तर लॉग देतं, म्हणजे घाताच्या जागची संख्या शोधून देणारं गणित. १६१४ मध्ये जॉन नेपियरने त्याची कोष्टकं छापली. १० च्या लॉगला २ च्या लॉगने भागलं की क्ष = ३.३२.

आता खडकाकडे. बसाल्टमध्ये थोडं पोटॅशियम-४० असतं. ते किरणोत्सर्गी, दर १२५ कोटी वर्षांनी निम्मं होतं. त्यातलं बहुतेक कॅल्शियम होतं, सुमारे दहावा हिस्सा आरगॉन वायू. कॅल्शियम खडकात आधीपासूनच भरपूर, त्यामुळे नवं कोणतं ते ओळखू येत नाही. आरगॉनचं तसं नाही. लाव्हा पातळ असताना तो उडून जातो आणि खडक थिजला की आत कोंडला जातो. म्हणजे घड्याळ शून्यावरून सुरू होतं! हा अडकलेला वायू आणि शिल्लक पोटॅशियम मोजलं की मूळचा साठा किती होता ते कळतं.

दख्खनच्या वयाच्या खडकात मूळच्या दर १००० अणूंपैकी साधारण ९६४ उरलेले असतात. पोटॅशियम किती वेळा निम्मं झालं ते क्ष धरलं, तर १/२ चा क्ष घात = ०.९६४. दोन्हीकडे लॉग घेतले की क्ष येतो सुमारे ०.०५३. त्याला १२५ कोटींनी गुणलं की साडेसहा कोटींहून थोडी जास्त वर्षं. डायनासोर नाहीसे झाले तोच हा काळ, आणि या लाव्ह्याचा त्यात किती हात होता यावर भूवैज्ञानिकांत अजून वाद आहे.

क्ष अजून १ पर्यंतही पोचलेला नाही. कपिलधारेच्या कातळातलं मूळचं पोटॅशियम-४० निम्मं व्हायला आणखी ११८ कोटी वर्षं लागतील.