वेग, पण कोणाच्या मानाने?

"तो मुलगा फार वेगाने पळतो," असे आपण सहज म्हणून जातो. पण वेग म्हटला की तो कोणाच्या मानाने, हे सांगावेच लागते. ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणाऱ्या आगगाडीत तुम्ही बाकावर बसलेले असता, तेव्हा रुळांच्या मानाने तुमचा वेग ताशी ६० किलोमीटर असतो आणि शेजारच्या प्रवाशाच्या मानाने शून्य असतो. यालाच सापेक्ष वेग म्हणतात. परीक्षेत या विषयावर दोन आगगाड्यांची उदाहरणे येतात. आपण ती सोडवतो आणि विसरून जातो. या लेखात हीच कल्पना एका तरुण खेळाडूच्या वाटचालीत कशी दिसते ते पाहू. त्याचा वेग घड्याळ लावून मोजला गेला. तो आकडा उत्तम होता. एका खेळात त्या वेगाने त्याला कीर्ती मिळवून दिली. दुसऱ्या खेळात तोच वेग पुरेसा ठरला नाही. असे का व्हावे?

वेल्सचा विंग

ग्रेट ब्रिटनच्या पश्चिम भागात वेल्स हा सुमारे ३१ लाख वस्तीचा छोटा देश आहे. रग्बी हा तेथील लोकांचा जिव्हाळ्याचा खेळ. या खेळाच्या 'रग्बी युनियन' या प्रकारात खेळाडूंना पैसे घेण्याची अधिकृत मुभा १९९५ साली मिळाली. तेव्हापासून तेथील तरुणांना रग्बी हा पोटापाण्याचा व्यवसायही करता येऊ लागला.

लुई रीस-झॅमिट याचा जन्म २ फेब्रुवारी २००१ रोजी वेल्समधील पेनार्थ या समुद्रकाठच्या गावी झाला. कार्डिफमधील शाळेत शिकून तो पुढे इंग्लंडमधील हार्टप्युरी येथील कॉलेजात गेला आणि तेथून जवळच असलेल्या ग्लॉस्टर क्लबच्या संघात आला. २०१९ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, तो त्या क्लबच्या पहिल्या संघातून खेळू लागला. २४ ऑक्टोबर २०२० रोजी पॅरिस येथे फ्रान्सविरुद्ध बदली खेळाडू म्हणून तो प्रथम वेल्सकडून खेळला. पुढल्याच महिन्यात जॉर्जियाविरुद्ध त्याने देशासाठी पहिला 'ट्राय' केला. प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेवर किंवा तिच्या पलीकडे चेंडू हाताने जमिनीला टेकवला की ट्राय होतो आणि त्याचे ५ गुण मिळतात.

रग्बी युनियनमध्ये प्रत्येक बाजूला १५ खेळाडू असतात. त्यांतील दोघे मैदानाच्या दोन कडांना खेळतात; त्यांना 'विंग' म्हणतात. लुई हा विंग. उंची सुमारे १.९ मीटर आणि वजन ९० किलोग्रॅमच्या आसपास. एवढा देह घेऊन तो अतिशय वेगाने पळत असे, हे त्याचे वैशिष्ट्य.

मागे टाकलेला चेंडू पुढे जातो!

रग्बीचा एक नियम नवख्या माणसाला चमत्कारिक वाटतो. चेंडू हाताने पुढे फेकता येत नाही. आडवा किंवा मागेच द्यावा लागतो. आता एक उदाहरण घेऊ. समजा, एक खेळाडू सेकंदाला ८ मीटर वेगाने पुढे पळत आहे. पळता पळता त्याने बाजूच्या सहकाऱ्याकडे चेंडू असा फेकला, की स्वतःच्या मानाने चेंडूचा मागे जाण्याचा वेग सेकंदाला ३ मीटर आहे. मग जमिनीच्या मानाने चेंडूचा वेग किती? ८ वजा ३, म्हणजे सेकंदाला ५ मीटर, आणि तोही पुढच्या दिशेने!

हा चेंडू ०.८ सेकंद हवेत राहिला असे धरू आणि हवेचा विरोध सोडून देऊ. तेवढ्या वेळात चेंडू मैदानावर ४ मीटर पुढे जाईल. फेकणारा मात्र ६.४ मीटर पुढे गेलेला असेल. म्हणजे चेंडू त्याच्या २.४ मीटर मागेच राहिला. मैदानावरच्या रेघा पाहणाऱ्या प्रेक्षकाला वाटेल, की चेंडू पुढे फेकला. पळणाऱ्या खेळाडूला वाटेल, मागे फेकला. दोघांचेही निरीक्षण बरोबर आहे. संदर्भ वेगळे आहेत. म्हणूनच असा चेंडू नियमात बसतो की नाही हे ठरवताना, फेकणाऱ्याचे हात कोणत्या दिशेने हलले हे पाहतात.

विंगच्या दृष्टीने यातून महत्त्वाची गोष्ट निघते. चेंडू एकाकडून दुसऱ्याकडे जात जात शेवटी कडेच्या विंगकडे येतो. तोपर्यंत विंगला चेंडूच्या मागे राहावे लागते. पुढे गेला तर तो ऑफसाइड ठरतो. पण तो मागून पळतच येत असतो. उत्तम विंग आपले पळणे असे जुळवतो, की चेंडू हातात पडेल त्या क्षणी त्याचा वेग जवळजवळ कमाल असावा. समोरचा बचाव करणारा मात्र पुष्कळदा जागच्या जागी, आडवा सरकत उभा असतो. दोघांच्या वेगांतील हा फरक हेच विंगचे खरे भांडवल.

मरेफील्डवरील तीन सेकंद

याचे उत्तम उदाहरण १३ फेब्रुवारी २०२१ रोजी एडिंबरोच्या मरेफील्ड मैदानावर घडले. युरोपातील सहा देशांच्या 'सिक्स नेशन्स' स्पर्धेत वेल्सची गाठ स्कॉटलंडशी होती. साथीच्या रोगामुळे मैदान प्रेक्षकांविना रिकामे होते. वेल्सचा संघ एके काळी ३ विरुद्ध १७ असा मागे पडला होता. सामन्याची शेवटची दहाएक मिनिटे उरली असताना उजव्या कडेने लुईला चेंडू मिळाला. समोर वाट अडलेली पाहून त्याने पळता पळताच चेंडू पायाने बचावाच्या पलीकडे मारला, स्वतः त्यामागे धावला, सर्वांच्या आधी चेंडूपाशी पोचला आणि ट्राय केला. तो सामना वेल्सने २५–२४ असा एका गुणाने जिंकला. त्या वर्षीच्या स्पर्धेत लुईने चार ट्राय केले आणि विजेतेपद वेल्सला मिळाले.

अशा वेळी काय घडते त्याचा हिशेब करू. आकडे समजण्यापुरते घेतले आहेत. पळत येणाऱ्याचा वेग सेकंदाला ९ मीटर. समोरचा बचावपटू त्याच्याकडे तोंड करून उभा. त्याला मागे वळून शून्यापासून सुरुवात करायची आहे. त्याचे त्वरण पहिली २ सेकंदे दर सेकंदास सेकंदाला ४ मीटर धरू. या २ सेकंदांत तो ८ मीटर जाईल व त्याचा वेग सेकंदाला ८ मीटर होईल. तिसऱ्या सेकंदात तो आणखी ८ मीटर जाईल. एकूण १६ मीटर. त्याच ३ सेकंदांत पळत आलेला खेळाडू २७ मीटर गेलेला असेल. दोघांच्या कमाल वेगांत फारसा फरक नसतानाही अंतर पडले ११ मीटरांचे! ही सारी किमया सुरुवातीच्या वेगाची, आणि तो वेग हाती असताना नेमक्या क्षणी चेंडू मारण्याच्या निर्णयाची.

यात धोकाही आहे. रग्बीचा चेंडू लांबट असतो. त्याची लांबी २८ ते ३० सेंटिमीटर. गोल चेंडू जमिनीवर आपटला की, तो फिरत नसेल तर, जमिनीची प्रतिक्रिया त्याच्या मध्यातून जाते. लांबट चेंडू तिरका पडला तर ती मध्याच्या बाजूने जाते आणि चेंडूला गरकन फिरवते. मग तो पुढे उसळेल, मागे येईल की बाजूला पळेल हे सांगणे कठीण. म्हणून असा चेंडू मारणे हा सरावाने सुधारलेला अंदाज असतो.

त्याच वर्षी ब्रिटन व आयर्लंडच्या निवडक खेळाडूंचा 'लायन्स' संघ दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावर गेला. वीस वर्षांचा लुई त्यातील सर्वांत लहान खेळाडू होता. २०२३ च्या विश्वचषकात त्याने पाच ट्राय केले. त्यांतील तीन जॉर्जियाविरुद्धच्या एकाच सामन्यात होते. वेल्सकडून ३२ सामने आणि १४ ट्राय अशी नोंद त्याच्या नावावर जमा झाली.

साडेचार सेकंदांची परीक्षा

आणि मग १६ जानेवारी २०२४ रोजी, वेल्सचा सिक्स नेशन्ससाठीचा संघ जाहीर व्हायचा त्याच दिवशी, लुईने रग्बी सोडत असल्याचे सांगितले. वय अवघे बावीस. त्याला अमेरिकेत जाऊन तेथला फुटबॉल खेळायचा होता. त्याचे वडीलही तरुणपणी कार्डिफमध्ये तो खेळ खेळत. मुलाला त्याची ओढ लहानपणापासून होती. परदेशी खेळाडूंसाठी असलेल्या प्रशिक्षणक्रमात तो दाखल झाला. दहा आठवड्यांच्या तयारीनंतर मार्च २०२४ मध्ये फ्लॉरिडात त्याची चाचणी झाली.

या चाचणीत ४० यार्ड, म्हणजे ३६.५८ मीटर, पळायचे असते. लुईला ४.४३ सेकंद लागली. त्याची सरासरी चाल सेकंदाला ८.२६ मीटर, म्हणजे ताशी जवळजवळ ३० किलोमीटर येते. पण ही सरासरी आहे. सुरुवात उभ्याने होते, तेव्हा शेवटी त्याची चाल यापेक्षा बरीच अधिक असणार. किती? त्वरण सारखेच राहिले असे मानून सूत्रात आकडे घातले, तर शेवटचा वेग सेकंदाला साडेसोळा मीटर येतो. जगविख्यात धावपटू उसेन बोल्ट याचा सर्वाधिक वेगही सेकंदाला १२ मीटरांच्या थोडाच वर होता. तेव्हा आपले गृहीत चुकले, हे उघड आहे. माणसाचे त्वरण पहिल्या काही पावलांतच मोठे असते आणि मग झपाट्याने कमी होत जाते. ४० यार्डांची चाचणी ही बरीचशी सुरुवातीच्या झेपेची परीक्षा होय.

त्याच महिन्यात 'कॅन्सस सिटी चीफ्स' या नामांकित संघाने लुईशी करार केला. पण आता आपला पहिला प्रश्न पुन्हा विचारू : ४.४३ सेकंद, कोणाच्या मानाने? याच संघाने पुढल्या महिन्यात झेवियर वर्दी या तरुणाची निवड केली. त्याने मार्चमध्येच तेवढे अंतर ४.२१ सेकंदांत कापून या चाचणीचा विक्रम केला होता. दोन्ही चाचण्या वेगळ्या ठिकाणी झाल्या, त्यामुळे दशांश चिन्हापुढच्या दुसऱ्या अंकावर फार भर देऊ नये. तरीही फरक सुमारे ०.२ सेकंदाचा आहे. शेवटच्या टप्प्यातील वेगाने तेवढ्या वेळात माणूस दोन मीटर पुढे जातो. रग्बीच्या मैदानावर लुई इतरांना मागे टाकत असे; येथे त्याच्या बरोबरीने किंवा पुढे पळणारे घरचेच सोबती होते. जमिनीच्या मानाने त्याचा वेग तोच राहिला, पण भोवतालच्यांच्या मानाने कमी झाला.

पुढे माणसे असताना पळणे

फरक एवढाच नव्हता. रग्बीत चेंडू घेतलेला खेळाडू आपल्या संघात सर्वांत पुढे असतो. सहकाऱ्यांना त्याच्या पुढे जाऊन वाट मोकळी करून देता येत नाही. अमेरिकन फुटबॉलमध्ये नेमके उलट. तेथे सहकारी पुढे राहून प्रतिस्पर्ध्यांना अडवतात आणि चेंडू घेऊन पळणारा 'रनिंग बॅक' त्यांच्यामधून उघडणाऱ्या फटीतून निसटतो. ती फट क्षणभरच उघडते. उशीर झाला तर मिटते. आणि घाई केली तर आपल्याच माणसाच्या पाठीवर आदळायची वेळ येते! म्हणजे येथे पळण्याचा वेग सहकाऱ्यांच्या हालचालींशी जुळवावा लागतो. प्रत्येक डाव काही सेकंदांचा, बहुधा उभ्याने सुरू होणारा आणि आधी पाठ करून ठेवलेला. असे डाव शेकड्यांनी ध्यानात ठेवावे लागतात. तेथील मुले हे शाळेपासून शिकत येतात. लुईच्या हाती काही महिनेच होते.

ऑगस्ट २०२४ मध्ये हंगामापूर्वीचे सराव सामने खेळल्यावर चीफ्सने त्याला मोकळे केले. लगेच 'जॅक्सनव्हिल जग्वार्स' संघाने त्याला सरावाच्या पथकात घेतले. नियमित हंगामातील एकही सामना मात्र त्याला खेळायला मिळाला नाही. इकडे वेल्सने २०२४ आणि २०२५ च्या सिक्स नेशन्समधील सर्व सामने गमावले. एक खेळाडू असता तर हे टळले असते असे म्हणणे योग्य नाही, पण त्याची आठवण तेथील लोकांना झाली असेल यात नवल नाही. जुलै २०२५ च्या अखेरीस लुईने रग्बीत परतत असल्याचे जाहीर केले. ऑगस्टमध्ये ब्रिस्टलच्या संघाने त्याला घेतले आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये तो पुन्हा वेल्सकडून खेळला.

काही जण या दीड वर्षाला अपयश म्हणतील. पण जो प्रयोग केल्याशिवाय उत्तर मिळणारच नव्हते, तो त्याने स्वतःवर केला. घड्याळाने मोजलेला एक आकडा खरा असतो; तो कोठे आणि कोणामध्ये उपयोगी पडेल, हे त्या आकड्यात लिहिलेले नसते.

करून पाहा

तुमच्या शाळेच्या मैदानावर ४० मीटर अंतर आखा आणि दर १० मीटरांवर फक्कीची रेघ ओढा. सुरुवात सोडून बाकीच्या चार रेघांवर एकेक मित्र घड्याळ घेऊन उभा करा. हात खाली येताच सर्वांनी घड्याळे सुरू करावीत आणि पळणारा आपल्या रेघेवरून गेला की थांबवावीत. प्रत्येक १० मीटरांना किती वेळ लागला ते वजाबाकीने काढा व चाल मोजा. मग त्याच मुलाला सुरुवातीच्या रेघेच्या २० मीटर मागून पळत यायला सांगा. या वेळी तो पहिली रेघ ओलांडताच घड्याळे सुरू करा. दोन्ही तक्ते शेजारी ठेवून पाहा. पहिल्या १० मीटरांत मोठा फरक दिसेल. मात्र घड्याळाची कळ दाबायला आपल्या बोटाला सुमारे ०.२ सेकंद लागते, म्हणजे लुई आणि वर्दी यांच्यात होता जवळजवळ तेवढाच वेळ! तेव्हा प्रत्येक मापन तीनदा घेऊन सरासरी काढा, आणि वहीत आकड्याशेजारी 'उभ्याने सुरुवात' की 'पळत सुरुवात' हे लिहायला विसरू नका.